अमेरिका-मेक्सिको सीमेवरचे जुने आर्मी फोर्ट आणि तिथले सैनिक : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

टेक्सास, न्यू मेक्सिको, ॲरिझोना या बाजूला फिरायला गेलं की हायवेवर दर थोड्या वेळाने फोर्ट अमुक, फोर्ट तमुक अशा पाट्या दिसतात, आणि आत गेलं की मातीच्या पडक्या भिंती, एक मोठं मैदान आणि एक झेंडा. बरेच जण दहा मिनिटांत फोटो काढून निघतात, आणि मला त्याचं फार वाईट वाटतं, कारण त्या भिंतींमागे जे घडलंय ते सिनेमात दाखवतात त्यापेक्षा कितीतरी गुंतागुंतीचं आहे. लोक पुन्हा पुन्हा जे विचारतात त्याची उत्तरं इथे एकत्र दिली आहेत.

हे फोर्ट नक्की कधी आणि कशासाठी बांधले?

सुरुवात 1848 पासून धरा. मेक्सिकोबरोबरचं युद्ध संपलं, ग्वाडालुपे हिडाल्गोचा तह झाला आणि मेक्सिकोचा प्रचंड मोठा उत्तर भाग अमेरिकेकडे आला, मग 1853 च्या शेवटी गॅड्सडेन खरेदीचा करार झाला आणि आजच्या दक्षिण ॲरिझोनाचा पट्टाही 1 कोटी डॉलर देऊन घेतला. नकाशावर जमीन मिळाली पण तिथे जायला धड रस्ता नाही, आणि त्याच वेळी कॅलिफोर्नियात सोनं सापडल्यामुळे हजारो लोक पश्चिमेला निघालेले. त्यांचे रस्ते, टपालाच्या गाड्या, मालाचे तांडे सांभाळायला सैन्य पाठवलं. शिवाय त्या तहाच्या 11 व्या कलमात अमेरिकेनं कबूल केलं होतं की इकडच्या टोळ्यांना मेक्सिकोत जाऊन लूटमार करू देणार नाही. ते काही जमलं नाही आणि गॅड्सडेन करारात त्यातून अंग काढून घेतलं.

म्हणजे हा भाग तेव्हा रिकामा होता?

अजिबात नाही. अपाची, कोमँची, नाव्हाहो, तोहोनो ओओधम असे अनेक समाज तिथे पिढ्यानपिढ्या राहत होते, शिवाय मेक्सिकन गावं होती, मेंढपाळ होते, चर्च होती. ज्या जमिनीची देवाणघेवाण वॉशिंग्टन आणि मेक्सिको सिटीत बसून झाली तिच्यावर राहणाऱ्या अपाचींना कुणी विचारलंसुद्धा नाही. पुढची सगळी उत्तरं वाचताना ही एक गोष्ट डोक्यात ठेवा, नाहीतर सैनिक बिचारे वाळवंटात कुणाच्या तरी हल्ल्याची वाट बघत बसलेत असं एकतर्फी चित्र तयार होतं.

फोर्टला तट, बुरूज, लाकडी कुंपण असायचं ना? सिनेमात तर असतं.

नैऋत्येच्या बहुतेक फोर्टना काहीच नव्हतं. मधोमध परेड ग्राउंड, त्याच्या एका बाजूला ऑफिसरांची घरं ओळीनं, समोर सैनिकांच्या बराकी, मागे तबेले, कोठार, बेकरी, हॉस्पिटल, बस. कुंपण नाही, दरवाजा नाही, कुणीही कुठूनही चालत आत येऊ शकायचं. कारण शंभर-दोनशे हत्यारबंद माणसांच्या छावणीवर थेट चाल करून येणं ही अपाचींची पद्धतच नव्हती, ते घोडे-खेचरं पळवायचे, रस्त्यावरच्या गाड्या गाठायचे, आणि डोंगरात नाहीसे व्हायचे. भिंत बांधून त्याला काय उपयोग.

बांधकाम बहुतेक अडोबीचं, म्हणजे उन्हात वाळवलेल्या कच्च्या विटांचं. जवळच्या मेक्सिकन गवंड्यांना आणि मजुरांना हे काम पिढीजात येत होतं. उन्हाळ्यात आत बरं वाटतं पण छप्पर गळायला लागलं की भिंत अक्षरशः विरघळते, म्हणूनच आज न्यू मेक्सिकोतल्या फोर्ट युनियनला धुराडी उभी आणि भिंती अर्ध्या असं दृश्य दिसतं.

जागा कशी निवडायचे?

पाणी. माझ्या मते या सगळ्या इतिहासाची किल्ली पाण्यातच आहे आणि तीच बहुतेक पुस्तकांत लढायांच्या वर्णनाखाली दबून जाते. सॅन अँटोनियो ते एल पासो हा साधारण 600 मैलांचा रस्ता नकाशावर बघा, तो सरळ जात नाही, झऱ्याकडून झऱ्याकडे जातो. फोर्ट क्लार्क लास मोरास झऱ्यांवर, फोर्ट स्टॉक्टन कोमँची स्प्रिंग्जवर, फोर्ट डेव्हिस लिंपिया ओढ्याच्या काठी. गाडीला जुंपलेल्या खेचरांना पाणी मिळालं नाही तर ती गाडी पुढच्या मुक्कामाला पोचतच नाही, त्यामुळे ज्याच्या ताब्यात झरा त्याच्या ताब्यात रस्ता.

पण ते झरे काय सैन्याला नवीन सापडले होते का? कोमँची स्प्रिंग्ज नावातच कोमँची आहेत. मेक्सिकोत जाण्या-येण्याच्या त्यांच्या वाटेवरचं ते पाणी होतं. म्हणजे फोर्ट बांधला की नुसती छावणी उभी राहत नव्हती, तिथल्या माणसांचं पाणी जात होतं, शिकारीची जनावरं जिथे पाण्यावर येतात ती जागा जात होती, बायका जिथून पाणी भरायच्या ती जागा जात होती. एक गोळी न झाडता केवढं नुकसान होतं हे. आणि हेच कोमँची स्प्रिंग्ज 1950 च्या दशकात आजूबाजूच्या शेतीसाठी पंप लावून इतका उपसा झाला की आटले, सैन्यानं ज्या पाण्यासाठी फोर्ट बांधला ते पाणीच वाहायचं थांबलं.

फोर्ट बॉवी आणि अपाची पासचं एवढं नाव का आहे?

कारण पाण्याची आणि अविश्वासाची गोष्ट तिथे एकाच खिंडीत घडली. दक्षिण-पूर्व ॲरिझोनात अपाची पास नावाची खिंड आहे, त्यात अपाची स्प्रिंग नावाचा बारमाही झरा, आणि तिथूनच 1858 पासून बटरफील्ड कंपनीची टपालगाडी जायची, सेंट लुइस ते सॅन फ्रान्सिस्को साधारण 2800 मैल आणि 25 दिवस. चिरिकावा अपाचींचा मोठा नेता कोचीस हा त्या काळात टपालवाल्यांशी भांडण नसलेला माणूस होता.

1861 च्या सुरुवातीला एका गोऱ्या शेतकऱ्याच्या घरातून एक मुलगा आणि गुरं पळवली गेली. लेफ्टनंट जॉर्ज बॅस्कम नावाचा तरुण ऑफिसर सैनिक घेऊन अपाची पासला आला, कोचीसला तंबूत बोलावलं आणि मुलगा परत दे नाहीतर तू अटकेत असं सांगितलं. कोचीस म्हणाला आम्ही नेला नाही, दुसऱ्या टोळीनं नेला असेल, शोधायला मदत करतो, आणि ते खरंच होतं, मुलगा दुसऱ्या अपाची टोळीकडे होता. पण बॅस्कमनं ऐकलं नाही. कोचीस चाकूनं तंबू फाडून निसटला, त्याचे नातेवाईक मात्र मागे अडकले. मग त्यानं माणसं ओलीस धरली, बोलणी फिसकटली, कोचीसनं ओलिसांना मारलं आणि सैन्यानं त्याच्या भावाला आणि पुतण्यांना फासावर दिलं. यातून जे युद्ध पेटलं ते 1872 पर्यंत चाललं. एका ऑफिसरनं एक दिवस थांबून चौकशी केली असती तर काय झालं असतं हा विचार डोक्यातून जात नाही.

पुढच्याच वर्षी, जुलै 1862 मध्ये, कॅलिफोर्नियातून आलेली सैन्याची तुकडी तहानेनं व्याकूळ होऊन खिंडीत पोचली तर झऱ्याच्या वरच्या टेकड्यांवर कोचीस आणि दुसरा अपाची नेता मँगस कोलोराडस यांचे लोक दबा धरून बसलेले. सैनिकांकडे छोट्या डोंगरी तोफा होत्या, त्यांच्या जोरावर त्यांनी पाण्यापर्यंत वाट काढली. दोन आठवड्यांत तिथे फोर्ट बॉवी सुरू झाला, कारण कॅलिफोर्नियातून आलेल्या त्या सैन्याचा प्रमुख जनरल कार्लटन याला कळलं की हा झरा हातात नसेल तर या वाटेनं सैन्य नेताच येणार नाही.

मँगस कोलोराडसचं पुढे काय झालं तेही सांगायला हवं. जानेवारी 1863 मध्ये त्याला बोलणीच्या निमित्तानं पकडलं आणि कैदेत असताना मारलं, नंतर त्याचं मुंडकं कापलं. अपाची लोक गोऱ्यांच्या शब्दावर का विश्वास ठेवत नव्हते असं कुणी विचारलं तर ही दोन उदाहरणं पुरेशी आहेत.

सैनिक कोण होते? सगळे अमेरिकन गोरे तरुण?

नाही. सिव्हिल वॉरनंतरच्या (1861-65 च्या अमेरिकन यादवी युद्धानंतरच्या) काळात भरती होणाऱ्यांपैकी जवळजवळ निम्मे परदेशात जन्मलेले होते, आयरिश आणि जर्मन सगळ्यात जास्त. बोटीतून उतरले, काम मिळेना, इंग्रजी धड येईना, सैन्यात जेवण-कपडे-पगार मिळतो म्हणून सही केली. त्याशिवाय गुलामगिरीतून नुकतेच सुटलेले काळे सैनिक, ज्यांच्याबद्दल पुढे सविस्तर लिहिलंय, आणि अपाचीसकट इतर मूळ रहिवासी स्काउट म्हणून, म्हणजे माग काढणारे वाटाडे म्हणून. म्हणजे एकाच फोर्टात डब्लिनचा माणूस, जॉर्जियाच्या कापसाच्या शेतातून आलेला माणूस आणि त्याच डोंगरात जन्मलेला अपाची, तिघं एकाच सरकारचा पगार घेतायत.

आणि संख्या किती कमी होती ते बघा, 1874 मध्ये काँग्रेसनं, म्हणजे अमेरिकेच्या संसदेनं, अख्ख्या देशाच्या सैन्यासाठी शिपायांची मर्यादा 25,000 केली. त्यात समुद्रकिनारे, दक्षिणेतली राज्यं, उत्तरेकडची मैदानं आणि ही सीमा सगळं आलं.

पगार किती होता? पळून जायचे का लोक?

1870 च्या दशकात साध्या शिपायाला महिन्याला 13 डॉलर, आणि करार पाच वर्षांचा. पगार घेऊन येणारा पेमास्टर दूरच्या फोर्टला महिनोन्महिने यायचा नाही, तोपर्यंत दुकानदाराकडे उधारी, आणि पगार आला की उधारीत गेला. पळून जाण्याचं प्रमाण भयंकर होतं, 1871 च्या आसपास तर एका वर्षात साधारण तीनातला एक माणूस पळालेला होता. जवळच्या खाणीत किंवा रेल्वेच्या कामावर जास्त मजुरी मिळत असेल आणि इथे दगड फोडायचे 13 डॉलरवर, तर माणूस किती दिवस थांबणार. काळ्या रेजिमेंटमध्ये मात्र हे प्रमाण खूपच कमी होतं, बाहेरच्या जगात त्यांच्यासाठी काय वाढून ठेवलंय हे त्यांना माहीत होतं आणि वर्दीचा मान त्यांच्यासाठी खूप मोठा होता.

दिवसभर करायचे काय? रोज लढाया?

बरेचसे सैनिक पाच वर्षांत एकही मोठी लढाई न बघता घरी गेले असतील. बिगुलावर उठायचं, हजेरी, घोड्यांचं दाणापाणी, आणि मग काम, काम म्हणजे विटा पाडणे, लाकूड तोडून आणणे, ओढ्यावरून पाण्याची गाडी भरून आणणे, रस्ता दुरुस्त करणे, टेलिग्राफचे खांब रोवणे, भाजीच्या मळ्यात राबणे. टेक्सास आणि ॲरिझोनातल्या लष्करी टेलिग्राफच्या तारा सैनिकांनीच ओढल्या. मधूनमधून टपालगाडीबरोबर पहारा किंवा गस्त, कधी कधी शेकडो मैलांची, आणि परत येऊन अहवाल की अपाची दिसले नाहीत. पण गस्तीचा खरा फायदा वेगळाच व्हायचा, प्रत्येक गस्तीत नवीन पाणवठे सापडायचे, ते नकाशावर चढायचे, आणि पुढच्या वेळी तो पाणवठा अपाचींचा एकट्यांचा राहायचा नाही.

मरायचे ते जास्त करून आजारानं. हगवण, मलेरिया, क्षय.

खायला काय मिळायचं?

खारवलेलं डुकराचं मांस, बीफ, घेवडा, कॉफी, फोर्टवर असताना बेकरीतला पाव आणि गस्तीवर असताना हार्डटॅक नावाचं दगडासारखं कडक बिस्कीट. भाजी आणि फळं नसली की स्कर्व्ही व्हायचा म्हणून फोर्टांत मळे लावायचे, फोर्ट डेव्हिसला लिंपियाच्या पाण्यावर चांगला मळा होता. बाकी दुकानात डब्यातले पीच वगैरे मिळायचे, किंमत ऐकून शिपाई मागे फिरत असणार.

बायका-मुलं असायची का फोर्टात?

हो, पण कागदोपत्री त्यांना जवळजवळ किंमत नव्हती. ऑफिसरांच्या बायका यायच्या, घर सजवायच्या, आणि मग वरच्या रँकचा ऑफिसर बदलून आला की त्याला हवं ते घर रिकामं करून द्यायला लागायचं, तो ज्याला हलवेल तो त्याच्या खालच्याला हलवणार, अशी अख्खी ओळ सामान उचलायची.

सरकारनं अधिकृतपणे ओळखलेल्या बायका म्हणजे फक्त कपडे धुणाऱ्या. सैन्याच्या एका कंपनीमागे (तुकडीमागे) चार जणींना मंजुरी, त्यांना रेशन मिळायचं, राहायला जागा मिळायची आणि धुण्याचे पैसे सैनिकांकडून. बऱ्याच जणी शिपायांच्याच बायका होत्या. 1878 मध्ये हे पद बंद करायला सुरुवात केली. या बायकांनी लिहिलेलं जवळजवळ काही शिल्लक नाही आणि ऑफिसरांच्या बायकांची पत्रं-आठवणी भरपूर आहेत, त्यामुळे आपल्याला फोर्टचं आयुष्य कळतं ते बहुतेक वरच्या ओळीतल्या घरांमधून.

आणि एक बाई तर सैनिक म्हणूनच होती. कॅथे विल्यम्स, मिसूरीत गुलामगिरीत वाढलेली, 1866 मध्ये विल्यम कॅथे नाव लावून 38 व्या इन्फन्ट्रीत (पायदळात) भरती झाली, न्यू मेक्सिकोपर्यंत चालत आली, आणि 1868 मध्ये फोर्ट बेयर्डला तब्येतीच्या कारणावरून सुटली. नंतर तिनं पेन्शन मागितली, ती मिळाली नाही.

बफेलो सोल्जर्स कोण?

सैन्यातल्या काळ्या सैनिकांना हे नाव पडलं. 1866 च्या कायद्यानं पहिल्यांदा शांततेच्या काळातल्या कायम सैन्यात काळ्या सैनिकांच्या रेजिमेंट उभ्या राहिल्या, 1869 नंतर त्या चार उरल्या: 9 वी आणि 10 वी कॅव्हलरी (घोडदळ), 24 वी आणि 25 वी इन्फन्ट्री. ऑफिसर जवळजवळ सगळे गोरे. घोडदळाच्या 10 रेजिमेंटपैकी 2 यांच्या होत्या आणि दोन्ही वर्षानुवर्षं या सीमेवरच राहिल्या. 1867 मध्ये 9 व्या कॅव्हलरीनं ओसाड पडलेला फोर्ट डेव्हिस पुन्हा सुरू केला आणि 1885 पर्यंत चारही रेजिमेंटचे लोक कधी ना कधी तिथे होते.

त्याच कायद्यात प्रत्येक काळ्या रेजिमेंटला एक धर्मगुरू द्यायची तरतूद होती आणि त्यानं सैनिकांना लिहायला-वाचायला शिकवायचं होतं. ज्यांना दक्षिणेत अक्षर शिकल्याबद्दल फटके बसले असते ते दिवसभर विटा पाडून संध्याकाळी पाटीवर अक्षरं गिरवत होते. मला या सगळ्या इतिहासात हे चित्र सगळ्यात जवळचं वाटतं.

पण ज्यांचं रक्षण करायचं तेच लोक त्यांच्या जिवावर उठायचे. 1881 मध्ये फोर्ट कॉन्चोजवळच्या सॅन अँजेलोत 10 व्या कॅव्हलरीच्या एका निःशस्त्र शिपायाला एका मेंढ्यावाल्यानं गोळी घालून मारलं आणि ज्युरीनं त्याला निर्दोष सोडलं. आणि त्याच वेळी हेही खरं की हेच सैनिक अपाचींना त्यांच्या जमिनीवरून हुसकावत होते. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत, एकीनं दुसरी पुसली जात नाही.

हेन्री फ्लिपरची केस काय होती?

हेन्री ओसियन फ्लिपर, जन्म 1856, जॉर्जियात गुलाम म्हणून जन्मलेला, 1877 मध्ये वेस्ट पॉइंट या लष्करी अकादमीतून पास होणारा पहिला काळा ऑफिसर. 1881 मध्ये फोर्ट डेव्हिसला त्याच्याकडे कोठाराचा हिशोब होता आणि त्यात साडेतीन हजार डॉलरच्या वर रक्कम कमी भरली. घाबरून त्यानं ते लपवलं, वरिष्ठांना खोटं सांगितलं. फोर्टचा प्रमुख कर्नल शाफ्टर यानं त्याच्यावर कोर्ट मार्शल लावलं. गावातल्या लोकांनी पैसे गोळा करून रक्कम भरायला मदत केली, म्हणजे त्याच्यावर लोकांचा केवढा विश्वास होता बघा. कोर्टानं अपहाराच्या आरोपातून त्याला सोडलं, पण ऑफिसरला न शोभणारं वर्तन या आरोपाखाली 1882 मध्ये सैन्यातून काढून टाकलं. पुढे तो इंजिनियर म्हणून आणि स्पॅनिश कागदपत्रांचा जाणकार म्हणून खूप काम करून गेला, आयुष्यभर नाव परत मिळावं म्हणून झगडला आणि 1940 मध्ये वारला. 1976 मध्ये सैन्यानं त्याचा बडतर्फीचा शेरा बदलून सन्मानानं निवृत्त असा केला आणि 1999 मध्ये राष्ट्राध्यक्ष क्लिंटननी माफी दिली. इतक्या उशिरा की त्याला स्वतःला काहीच कळलं नाही.

व्हिक्टोरियोला कसं हरवलं?

परत पाणी. व्हिक्टोरियो हा वॉर्म स्प्रिंग्ज अपाचींचा नेता, त्याचं म्हणणं एवढंच होतं की आम्हाला ओहो कालिएंते या आमच्या जागी राहू द्या, सॅन कार्लोसच्या तापलेल्या, रोगट रिझर्व्हेशनवर, म्हणजे सरकारनं टोळ्यांना ठेवायला नेमून दिलेल्या जागी, नेऊ नका. ते ऐकलं नाही तेव्हा 1879 मध्ये तो बाहेर पडला आणि वर्षभर दोन देशांच्या सैन्यांना त्यानं दमवलं. त्याची बहीण लोझेन त्याच्याबरोबर लढत होती.

पाठलाग करून हा माणूस हाती लागत नाही हे 10 व्या कॅव्हलरीच्या कर्नल ग्रिअरसनला कळलं. त्यानं 1880 च्या उन्हाळ्यात पश्चिम टेक्सासमध्ये सैनिक पाणवठ्यांवर नेऊन बसवले आणि वाट बघितली. 30 जुलैला टिनाहा दे लास पाल्मास इथे मोजक्याच लोकांनिशी त्यानं पाणी अडवून धरलं, 6 ऑगस्टला रॅटलस्नेक स्प्रिंग्जला त्याचे सैनिक व्हिक्टोरियोच्या आधी पोचले, त्यासाठी एका दिवसात 60 मैलांहून जास्त अंतर काटलं. पाणी मिळेना म्हणून व्हिक्टोरियो मेक्सिकोत मागे वळला आणि ऑक्टोबरमध्ये चिवावा राज्यात त्रेस कास्तियोस इथे मेक्सिकन अधिकारी होआकिन तेराझासच्या लोकांनी त्याला आणि त्याच्या बहुतेक लोकांना मारलं, उरलेल्या बायका-मुलांना कैद करून नेलं. लोझेन तेव्हा तिथे नव्हती.

सैन्यात उंट होते हे खरं का?

खरं आहे. फोर्ट डेव्हिस ज्याच्या नावावरून आहे तो युद्धमंत्री जेफरसन डेव्हिस, त्याच्या काळात 1850 च्या दशकात उंट आणून टेक्सासच्या कॅम्प व्हर्देला ठेवले होते. चाचणीत ते खेचरांपेक्षा जास्त ओझं आणि कमी पाणी असे उत्तम चालले. पण खेचरं त्यांच्या वासाला बिथरायची, हाकणाऱ्यांना ते आवडेनात, आणि मग सिव्हिल वॉर आलं. उंटांबरोबर आलेल्या हाजी अलीची कबर ॲरिझोनात क्वार्ट्झसाइटला आहे.

हेलिओग्राफ म्हणजे काय, आणि त्याचा आपल्याकडे काही संबंध आहे का?

आहे, आणि बऱ्याच लोकांना माहीत नसतो. आरशानं सूर्यप्रकाश फेकून मोर्स कोडमध्ये डोंगरावरून डोंगरावर संदेश पाठवायचं हे यंत्र. हेन्री मान्स नावाच्या इंग्रज इंजिनियरनं ते 1869 मध्ये कराचीत टेलिग्राफ खात्यात काम करताना बनवलं, आणि कराची तेव्हा मुंबई इलाख्यात होती. पुढे ते अमेरिकन सैन्यानं घेतलं. 1886 मध्ये जनरल नेल्सन माइल्सनं चिरिकावा अपाचींचा लढवय्या जेरोनिमो याला शोधायला ॲरिझोना आणि न्यू मेक्सिकोच्या डोंगरांवर 27 हेलिओग्राफ ठाणी उभी केली. तिथली हवा कोरडी, ऊन बारा महिने, संदेश भराभर जायचे. जेरोनिमो मात्र त्यामुळे पकडला गेला नाही.

मग जेरोनिमो शरण कसा आला?

माणसांमुळे. त्याच्याबरोबर शेवटी चाळीसच्या आतबाहेर लोक, त्यातही बायका-मुलं, आणि त्यांच्यामागे साधारण 5000 सैनिक, म्हणजे अमेरिकन सैन्याचा जवळजवळ पाचवा हिस्सा. तरी तो सापडत नव्हता. शेवटी लेफ्टनंट गेटवुड, ज्याला अपाची ओळखत होते, तो मार्टिन आणि कायिता या दोन चिरिकावा स्काउटना घेऊन मेक्सिकोत गेला. त्यांनी जाऊन सांगितलं की तुमच्या नातेवाईकांना फ्लोरिडाला पाठवतायत. ते ऐकून सगळ्यांचा धीर सुटला. 4 सप्टेंबर 1886 ला स्केलेटन कॅन्यनमध्ये जेरोनिमोनं माइल्ससमोर शरणागती पत्करली, फोर्ट बॉवीला आणलं आणि काही दिवसांत ट्रेननं फ्लोरिडाला.

अपाची स्काउट आपल्याच लोकांविरुद्ध का लढले?

एकच उत्तर नाही. अपाची हा एक देश नव्हता, अनेक गट होते, त्यांची आपापसात वैरं होती. कुणाला रिझर्व्हेशनवरच्या कंटाळ्यातून आणि उपासमारीतून सुटका हवी होती, कुणाला पगार, कुणाला वाटत होतं की हे युद्ध लवकर संपलं तर आपली पोरं वाचतील. जनरल जॉर्ज क्रूकला हे समजलं होतं, त्याचं म्हणणं अपाचीला अपाचीच शोधू शकतो, आणि तो त्यांना सैनिकासारखं वागवायचा.

पण पुढे काय झालं ते फार भयंकर आहे. जेरोनिमोबरोबर चिरिकावा स्काउटनाही कैदी म्हणून फ्लोरिडाला पाठवलं, मार्टिन आणि कायितालासुद्धा. जे बाहेर पडलेच नव्हते, रिझर्व्हेशनवर शांतपणे शेती करत होते, त्यांनाही. फ्लोरिडा, मग अलाबामा, मग ओक्लाहोमातला फोर्ट सिल, असे हे लोक 1913 पर्यंत, म्हणजे 27 वर्षं युद्धकैदी होते. कितीतरी मुलं पेनसिल्व्हेनियातल्या कार्लाइलच्या, मूळ रहिवाशांच्या मुलांसाठीच्या बोर्डिंग शाळेत पाठवली आणि अनेक परत आलीच नाहीत. जेरोनिमो स्वतः 1909 मध्ये फोर्ट सिललाच वारला.

ब्लॅक सेमिनोल स्काउट कोण होते?

फ्लोरिडातल्या सेमिनोल लोकांबरोबर राहिलेल्या, गुलामगिरीतून निसटलेल्या काळ्या लोकांचे वंशज, जे पुढे मेक्सिकोत नासिमिएंतोला जाऊन राहिले होते. 1870 मध्ये अमेरिकन सैन्यानं त्यांना जमिनीचं आश्वासन देऊन बोलावलं. माग काढण्यात त्यांचा हात कुणी धरू शकत नव्हतं, चौघांना मेडल ऑफ ऑनर हा सैन्याचा सर्वोच्च सन्मान मिळाला. जमीन कधीच मिळाली नाही. 1914 मध्ये तुकडी मोडली आणि फोर्ट क्लार्कजवळच्या ओढ्याकाठच्या वस्तीतूनही त्यांना उठवलं. ब्रॅकेटव्हिलजवळ त्यांची दफनभूमी आहे, वंशज अजून ती सांभाळतात.

सैन्य नेहमी अत्याचारच करत होतं का?

कधी अत्याचार करत होतं, कधी तो थांबवायला कमी पडत होतं. 1864 मध्ये सैन्यातला अधिकारी किट कार्सन याच्या मोहिमेनंतर 8000 हून जास्त नाव्हाहोंना शेकडो मैल चालवत फोर्ट समनरच्या बोस्के रेदोंदोला नेलं, तिथलं पेकोस नदीचं पाणी पिऊन लोक आजारी पडले, पिकं बुडाली, खूप माणसं मेली. 1868 मध्ये तह करून त्यांना आपल्या जमिनीवर परत जाऊ दिलं, हे अशा प्रकरणांत फार कमी वेळा घडलं.

दुसरीकडे 1871 मध्ये ॲरिझोनातल्या कॅम्प ग्रँट या लष्करी ठाण्यावर लेफ्टनंट रॉयल व्हिटमन हा आपल्या आसऱ्याला आलेल्या अरावाइपा अपाचींना खरंच जपत होता. 30 एप्रिलला ॲरिझोनातल्या टूसान गावाहून आलेल्या गोऱ्या, मेक्सिकन आणि तोहोनो ओओधम लोकांनी पहाटे त्या वस्तीवर हल्ला करून शंभरहून जास्त जणांना मारलं, बहुतेक बायका आणि मुलं. खटला झाला, ज्युरीला सगळ्यांना निर्दोष सोडायला वीस मिनिटंही लागली नाहीत.

टूसानच्या काही व्यापाऱ्यांची पोटं सैन्याच्या कंत्राटांवर होती हेही विसरू नका, गवत, लाकूड, मका, बीफ सगळं सैन्य विकत घ्यायचं, त्यामुळे शांतता झाली तर धंदा बसणार होता.

फोर्ट बंद का पडले?

रेल्वे. सदर्न पॅसिफिक 1880 मध्ये टूसानला आणि 1881 मध्ये एल पासोला पोचली. मग दर पन्नास-शंभर मैलांवर सैनिक ठेवायची गरज उरली नाही. फोर्ट डेव्हिस आणि फोर्ट युनियन 1891 मध्ये, फोर्ट बॉवी 1894 मध्ये बंद झाला. एल पासोचा फोर्ट ब्लिस आणि ॲरिझोनाचा फोर्ट वाचुका हे मात्र आजही चालू लष्करी तळ आहेत.

आता बघायला कुठे जावं?

एकच जागा बघायची असेल तर फोर्ट डेव्हिस, नॅशनल पार्क सर्व्हिसनं फार छान जपलाय, बराक, हॉस्पिटल, ऑफिसरांची घरं आतून बघता येतात. एल पासोहून साधारण 200 मैल. डॅलस किंवा ह्युस्टनहून येणार असाल तर एक अख्खा दिवस गाडीतच जाईल, त्यामुळे मुक्काम करा, जवळच मॅक्डोनाल्ड ऑब्झर्व्हेटरी आहे, रात्री तारे बघायचा कार्यक्रम आधी बुक करून ठेवा.

फोर्ट बॉवीला गाडी थेट जात नाही, पार्किंगपासून दीड मैल चालायला लागतं, वाटेत टपालगाडीच्या स्टेशनचे अवशेष, छोटं कब्रस्तान आणि तो अपाची स्प्रिंग लागतो. उन्हाळ्यात सकाळी लवकर निघा, टोपी घाला, आणि प्यायचं पाणी घरूनच भरपूर न्या, झऱ्याचं पाणी पिऊ नका. मुलं बरोबर असतील तर चालताना त्यांना बॅस्कम आणि कोचीसची गोष्ट सांगा, ज्या खिंडीत ती घडली तिथेच ऐकली की ती त्यांच्या लक्षात राहते.